व्यावसायिक रग्बीतील फॉरवर्डचे श्रम आणि त्यांची नोंद : स्टीव्ह थॉम्पसन यांच्या कारकिर्दीचा एक अभ्यास

प्रस्तावना

२६ ऑगस्ट १९९५ रोजी पॅरिस येथील बैठकीत आंतरराष्ट्रीय रग्बी मंडळाने रग्बी युनियन हा खेळ 'खुला' झाल्याचे जाहीर केले. खेळण्याबद्दल मोबदला घेणे हा या खेळात शंभर वर्षे अपराध मानला गेला होता. त्या दिवसापासून तो व्यवसाय ठरला. आधुनिक क्रीडा-इतिहासात एवढे मोठे स्थित्यंतर इतक्या अल्पावधीत घडल्याची उदाहरणे फार थोडी आहेत. या स्थित्यंतराचा विचार बहुधा दूरचित्रवाणीचे करार, क्लबांची मालकी आणि स्पर्धांची पुनर्रचना या अंगांनी केला जातो. ज्या माणसांच्या शरीरावर हा व्यवसाय उभा राहिला, त्यांच्या दैनंदिन श्रमांचा विचार मात्र तुलनेने उशिरा सुरू झाला.

प्रस्तुत लेखात इंग्लंडचे हुकर स्टीव्ह थॉम्पसन यांच्या कारकिर्दीच्या आधारे या प्रश्नाचा विचार करण्यात आला आहे. थॉम्पसन हे व्यावसायिक युगाच्या पहिल्या पिढीचे खेळाडू होत. २००३ चा विश्वचषक जिंकणाऱ्या इंग्लंडच्या संघातील ते एक प्रमुख फॉरवर्ड. डिसेंबर २०२० मध्ये, वयाच्या ४२ व्या वर्षी, आपल्याला अकाली स्मृतिभ्रंशाचे निदान झाले असून तो विश्वचषक जिंकल्याचे आपल्याला काहीही आठवत नाही, असे त्यांनी जाहीर केले. इतिहासाच्या अभ्यासकाच्या दृष्टीने ही घटना दोन अर्थांनी महत्त्वाची आहे. एक म्हणजे, घटनेचा प्रत्यक्ष साक्षीदारच आपली साक्ष गमावून बसला आहे. दुसरे म्हणजे, त्याने केलेल्या कामाचा मोठा भाग कोणत्याही दप्तरात कधी नोंदला गेलाच नव्हता. फॉरवर्डच्या श्रमांचे मोल ठरवताना ही न झालेली नोंदच निर्णायक ठरते, हे या लेखाचे प्रतिपादन आहे.

हौशी युगाचा वारसा

रग्बी फुटबॉल युनियन या इंग्लंडमधील संघटनेची स्थापना १८७१ मध्ये लंडन येथे झाली आणि त्याच वर्षी २७ मार्च रोजी एडिंबरो येथे स्कॉटलंड व इंग्लंड यांच्यात पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला गेला. आरंभी प्रत्येक संघात वीस खेळाडू असत. १८७७ पासून आंतरराष्ट्रीय सामन्यांत ही संख्या पंधरा झाली. खेळावर वर्चस्व होते ते खासगी शाळांत आणि विद्यापीठांत शिकलेल्या वर्गाचे. उत्तर इंग्लंडमधील गिरणी कामगार व खाण कामगार हा खेळ खेळू लागले, तेव्हा शनिवारच्या सामन्यासाठी बुडणाऱ्या मजुरीची भरपाई मिळावी, अशी मागणी पुढे आली. ती नाकारण्यात आली. परिणामी २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्ड येथे उत्तरेकडील क्लबांनी वेगळी चूल मांडली. पुढे तेरा खेळाडूंचा 'रग्बी लीग' हा स्वतंत्र खेळ यातूनच विकसित झाला.

म्हणजे श्रमांचा मोबदला हा प्रश्न रग्बीत नवा नव्हता. तो एका खेळातून हद्दपार करण्यात आला होता. उरलेल्या रग्बी युनियनमध्ये खेळाडूने आपले पोट अन्यत्र भरावे आणि खेळ केवळ आनंदासाठी खेळावा, ही भूमिका कायम राहिली. थॉम्पसन यांच्या आधीच्या पिढीतील इंग्लंडचे प्रसिद्ध हुकर ब्रायन मूर यांचे उदाहरण या संदर्भात बोलके आहे. १९८७ ते १९९५ या काळात ते इंग्लंडकडून ६४ कसोटी सामने खेळले. व्यवसायाने ते वकील होते. हौशी पद्धतीत नोकरी सांभाळून आठवड्यातील काही संध्याकाळी सराव आणि शनिवारी सामना असा क्रम असे. या पद्धतीवर वर्गीय अन्यायाचा आक्षेप घेता येतो आणि तो यथार्थही आहे. तथापि तिच्यात एक अनपेक्षित संरक्षण दडलेले होते. माणसाला सोमवारी कामावर जावयाचे असल्यामुळे त्याच्या शरीरावर खेळाचा हक्क मर्यादित राही.

१९९५ च्या जून महिन्यात दक्षिण आफ्रिका, न्यूझीलंड व ऑस्ट्रेलिया या तीन देशांच्या मंडळांनी न्यूज कॉर्पोरेशनशी दहा वर्षांसाठी ५५ कोटी ५० लाख डॉलरचा प्रक्षेपण करार केला. त्यानंतर हौशीपणाचा आग्रह टिकणे शक्य नव्हते. ऑगस्टमधील घोषणेने मोबदल्यावरील बंदी उठली. मात्र मोबदल्याच्या बदल्यात खेळाडूकडून किती काम घ्यावे, सराव किती करावा, विश्रांती किती द्यावी, याविषयीची कोणतीही व्यवस्था त्या घोषणेबरोबर आली नाही. इंग्लंडच्या संघटनेने तर प्रारंभी एक वर्षाची स्थगिती जाहीर केली आणि त्या अवधीत धनाढ्य उद्योजकांनी क्लब विकत घेऊन खेळाडूंशी करार केले.

फॉरवर्डच्या कामाचे स्वरूप

मराठी वाचकाला रग्बीचा परिचय मर्यादित असल्यामुळे येथे काही तांत्रिक स्पष्टीकरण आवश्यक ठरते. पंधरा खेळाडूंपैकी आठ फॉरवर्ड व सात बॅक असतात. चेंडू मिळवणे हे फॉरवर्डचे मुख्य काम, तर मिळालेला चेंडू घेऊन मोकळ्या जागेतून धावणे हे प्रामुख्याने बॅकचे. खेळ थांबल्यानंतर तो पुन्हा सुरू करण्याची एक पद्धत म्हणजे 'स्क्रम'. तीत दोन्ही संघांचे आठ-आठ फॉरवर्ड तीन ओळींत एकमेकांना धरून वाकतात आणि दोन्ही बाजूंच्या पहिल्या ओळीतील खेळाडूंची डोकी एकमेकांच्या डोक्यांमधील फटींत अडकवून सर्व शक्तीनिशी रेटा देतात. पहिल्या ओळीच्या मधोमध 'हुकर' असतो. त्याचे दोन्ही हात शेजारच्या 'प्रॉप' खेळाडूंच्या खांद्यांभोवती गुंतलेले असतात. मधल्या बोळात टाकलेला चेंडू पायाने मागे ओढणे हे त्याचे काम. मागून स्वतःच्या संघाचा आणि समोरून प्रतिस्पर्ध्यांचा भार त्याच्या मानेवर येतो आणि स्क्रम कोसळल्यास स्वतःला सावरण्यासाठी त्याचा एकही हात मोकळा नसतो.

चेंडू मैदानाबाहेर गेल्यास 'लाइनआउट' होतो. दोन्ही संघांचे फॉरवर्ड समांतर रांगांत उभे राहतात, सहकाऱ्यांनी उचललेला एखादा खेळाडू हवेत झेप घेतो आणि त्याच्या हातात अचूक पडेल असा चेंडू फेकण्याची जबाबदारी बहुधा हुकरवरच असते. म्हणजे हुकरकडून एकाच सामन्यात पहिलवानाची मान आणि नेमबाजाचा हात अशा दोन्ही गोष्टींची अपेक्षा केली जाते.

या कामाचे एक वैशिष्ट्य असे, की ते गुणफलकावर उमटत नाही. क्रिकेटच्या धावफलकात बहुतेक धावा आणि बहुतेक बळी कोणाच्या तरी नावावर असतात. रग्बीत गुण मिळतात ते चेंडू रेषेपलीकडे टेकवणाऱ्याला किंवा गोलखांबांमधून लाथाडणाऱ्याला. शंभर स्क्रममध्ये मान घालणाऱ्याच्या नावासमोर काहीही लिहिले जात नाही.

कारकिर्दीचा आलेख

थॉम्पसन यांचा जन्म १५ जुलै १९७८ रोजी हर्टफर्डशायर परगण्यातील हेमेल हेम्पस्टेड येथे झाला. खेळ व्यावसायिक झाला तेव्हा ते सतरा वर्षांचे होते. त्यामुळे हौशी युगातील प्रौढ खेळाडूचे आयुष्य त्यांनी अनुभवलेच नाही. नॉर्दॅम्प्टन हे त्यांचे पहिले व्यावसायिक कार्यक्षेत्र. मूळचे मागच्या ओळीतील हे फॉरवर्ड पुढे हुकर झाले. २००० मध्ये नॉर्दॅम्प्टनने म्युन्स्टरचा ९–८ असा पराभव करून युरोपीय क्लबांचा हायनेकन चषक जिंकला. त्या क्लबातून पुढे आलेल्या या तरुणाला लवकरच राष्ट्रीय संघाचे दार उघडले.

२ फेब्रुवारी २००२ रोजी एडिंबरो येथील मरेफील्ड मैदानावर स्कॉटलंडविरुद्ध त्यांनी इंग्लंडकडून पदार्पण केले. इंग्लंडने तो सामना २९–३ असा जिंकला. इंग्लंड–स्कॉटलंड लढतीतील विजेत्याला दिल्या जाणाऱ्या 'कलकत्ता चषका'चा भारतीय वाचकाशी एक दुवा आहे. कलकत्ता फुटबॉल क्लब बंद करण्याची वेळ आली, तेव्हा त्याच्या सभासदांनी बँकेतील शिल्लक चांदीच्या रुपयांच्या रूपात काढली, ती वितळवून चषक घडवला आणि १८७८ मध्ये तो रग्बी फुटबॉल युनियनला दिला. नागाच्या आकाराचे तीन कान आणि झाकणावर हत्ती असलेला हा चषक हौशी युगाचे प्रतीकच होय. वसाहतीतील साहेबांच्या फुरसतीच्या खेळातून जन्मलेल्या त्या चषकासाठी आता पगारी खेळाडू झुंजत होते.

पुढच्या दोन वर्षांत थॉम्पसन इंग्लंडच्या संघाचे आधारस्तंभ बनले. मार्च २००३ मध्ये डब्लिन येथे आयर्लंडला ४२–६ असे नमवून इंग्लंडने त्या वर्षीच्या सहा राष्ट्रांच्या स्पर्धेतील सर्व सामने जिंकले. १४ जून २००३ रोजी वेलिंग्टन येथे न्यूझीलंडविरुद्ध इंग्लंडने १५–१३ असा विजय मिळवला. त्या सामन्यात इंग्लंडचे दोन फॉरवर्ड एकाच वेळी दहा मिनिटांच्या शिक्षेवर बाहेर होते. उरलेल्या सहा फॉरवर्डनी स्वतःच्या गोलरेषेलगत न्यूझीलंडच्या आठ जणांचे स्क्रम रोखून धरले. त्या सहा जणांत थॉम्पसन होते. इंग्लंडच्या रग्बीत ही मिनिटे आजही आदराने स्मरली जातात. परंतु गुणफलकावर त्यांची कसलीही खूण नाही.

सिडनीतील अखेरचा लाइनआउट

२२ नोव्हेंबर २००३ रोजी सिडनी येथे विश्वचषकाचा अंतिम सामना झाला. प्रशिक्षक क्लाइव्ह वुडवर्ड, कर्णधार मार्टिन जॉन्सन. पहिल्या ओळीत ट्रेव्हर वुडमन, स्टीव्ह थॉम्पसन व फिल व्हिकरी. निर्धारित वेळेत ऑस्ट्रेलियाशी १४–१४ अशी बरोबरी झाली. जादा वेळेच्या अखेरीस गुणसंख्या पुन्हा समान, १७–१७ झाली. सामना संपण्यास एक-दीड मिनिट उरले असता इंग्लंडला ऑस्ट्रेलियाच्या हद्दीत लाइनआउट मिळाला.

चेंडू कोठे फेकावा, हा प्रश्न होता. जवळच्या खेळाडूकडे फेकणे सुरक्षित. पण त्यातून मिळणारी चाल मर्यादित. रांगेच्या शेवटच्या टोकाला फेकल्यास मैदानाच्या मध्याकडे मुसंडी मारता येई; मात्र फेक किंचित जरी चुकली असती, तरी चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या हाती गेला असता. शंभर मिनिटांच्या झुंजीनंतर थकलेल्या हातांनी थॉम्पसन यांनी चेंडू रांगेच्या शेवटी उभ्या असलेल्या लुईस मूडी यांच्याकडे अचूक फेकला. तेथून माइक कॅट, मॅट डॉसन, मार्टिन जॉन्सन आणि पुन्हा डॉसन असा चेंडूचा प्रवास झाला आणि जॉनी विल्किन्सन यांनी उजव्या पायाने मारलेला ड्रॉप गोल खांबांमधून गेला. इंग्लंड २०–१७ ने विजयी झाले. विश्वचषक पहिल्यांदाच उत्तर गोलार्धात आला.

या क्षणाचे छायाचित्र म्हणजे विल्किन्सन यांचे छायाचित्र, हे स्वाभाविकच आहे. अधिकृत नोंदीतही ते तीन गुण त्यांच्याच नावावर आहेत. डिसेंबर २००३ मध्ये लंडनमध्ये निघालेल्या विजययात्रेला सुमारे साडेसात लाख लोक लोटले. संघातील खेळाडूंना सरकारी सन्मान मिळाले. थॉम्पसन यांना 'एमबीई' हा किताब मिळाला. त्या वेळी ते पंचवीस वर्षांचे होते.

दोन धनी आणि एक शरीर

इंग्लंडमधील व्यावसायिक रग्बीची रचना थॉम्पसन यांच्यासारख्या खेळाडूच्या बाबतीत विशेष कठोर ठरली. न्यूझीलंड व आयर्लंड येथे प्रमुख खेळाडूंचे करार राष्ट्रीय संघटनेकडे होते. त्यामुळे त्याने वर्षभरात किती खेळावे, यावर एकाच संस्थेचे नियंत्रण राहू शके. इंग्लंडमध्ये खेळाडू क्लबाचा नोकर होता आणि राष्ट्रीय संघ त्याला क्लबाकडून मागून घेत असे. क्लबाला त्याच्या पगाराचा पुरेपूर मोबदला हवा होता, तर राष्ट्रीय संघाला विजय. दोघांच्या ओढाताणीत विश्रांतीची जबाबदारी कोणाचीच नव्हती.

नोव्हेंबर २००० मध्ये जॉन्सन यांच्या नेतृत्वाखाली इंग्लंडच्या खेळाडूंनी काम बंद ठेवले होते. रग्बीतील खेळाडू स्वतःकडे 'कामगार' म्हणून पाहू लागल्याची ती ठळक खूण होय. परंतु तो वाद प्रामुख्याने मानधनाच्या रचनेविषयीचा होता. कामगार चळवळीच्या इतिहासात वेतनाच्या मागणीबरोबरच कामाचे तास आणि कामाच्या जागेची सुरक्षितता या मागण्याही तितक्याच महत्त्वाच्या ठरल्या. रग्बीत त्यांना पुढे यावयास आणखी एक तप लागले.

दरम्यान कामाचे स्वरूप बदलत होते. पूर्णवेळ व्यायामामुळे खेळाडू अधिक वजनदार व अधिक वेगवान झाले. १९९६ पासून डावपेच म्हणून खेळाडू बदलण्याची मुभा मिळाल्यामुळे ताज्या दमाचे फॉरवर्ड दमलेल्यांवर आदळू लागले. सर्वांत मोठा बदल मात्र प्रेक्षकांना न दिसणारा होता, तो म्हणजे सरावाचा. सामना आठवड्यातून एकदा ऐंशी मिनिटांचा. पण सराव रोजचा. स्क्रमचा रेटा देण्यासाठी वापरले जाणारे यंत्र आणि सहकाऱ्यांविरुद्धचे प्रत्यक्ष स्क्रम यांत पहिल्या ओळीच्या खेळाडूंना पुनःपुन्हा उतरावे लागे. राष्ट्रीय संघाच्या सरावात स्क्रमची ही सत्रे किती दीर्घ आणि दमवणारी असत, हे थॉम्पसन यांनी नंतर मुलाखतींतून सांगितले आहे.

निवृत्ती, पुनरागमन आणि पुन्हा निवृत्ती

२००५ मध्ये थॉम्पसन 'ब्रिटिश आणि आयरिश लायन्स' या संयुक्त संघातून न्यूझीलंडच्या दौऱ्यावर गेले. त्या दौऱ्यातील तिन्ही कसोटी सामने लायन्सने गमावले. एप्रिल २००७ मध्ये मानेच्या दुखापतीमुळे त्यांना निवृत्ती जाहीर करावी लागली. वय होते अवघे अठ्ठावीस. योगायोगाने त्याच मोसमात नॉर्दॅम्प्टनची पहिल्या श्रेणीतून पदावनती झाली.

त्यानंतर ते फ्रान्समधील ब्रीव्ह या क्लबात गेले. वैद्यकीय अनुमती मिळाल्यावर तेथेच त्यांनी पुन्हा खेळण्यास सुरुवात केली आणि २००९ मध्ये ते इंग्लंडच्या संघात परतले. एकेकाळचे कर्णधार मार्टिन जॉन्सन आता संघाचे व्यवस्थापक होते. २०१० मध्ये थॉम्पसन लीड्सकडे आणि २०११ मध्ये वॉस्प्सकडे आले. ८ ऑक्टोबर २०११ रोजी ऑकलंड येथे विश्वचषकाच्या उपांत्यपूर्व फेरीत फ्रान्सकडून इंग्लंडचा १९–१२ असा पराभव झाला. त्या सामन्यातही पहिल्या ओळीत तेच होते. डिसेंबर २०११ मध्ये मानेने पुन्हा साथ सोडली आणि कारकीर्द कायमची संपली. एकूण ७३ आंतरराष्ट्रीय सामने त्यांच्या नावावर होते. इंग्लंडच्या हुकरमध्ये तो त्या वेळचा उच्चांक होता.

मानेच्या दुखापतीने जायबंदी झालेला खेळाडू पुन्हा त्याच जागेवर, त्याच स्क्रममध्ये परततो, याचा अर्थ केवळ जिद्द या शब्दाने लावता येत नाही. हौशी युगातील हुकरकडे वकिली होती. थॉम्पसन सतराव्या वर्षानंतर दुसरे काही शिकण्याआधीच खेळाला विकले गेले होते. शरीर हेच ज्याचे भांडवल, त्याला ते पणाला लावल्यावाचून उत्पन्नाचा मार्ग उरत नाही.

विस्मरणाचा इतिहास

डोक्याला वारंवार बसणाऱ्या धक्क्यांचा मेंदूवर परिणाम होतो, ही गोष्ट वैद्यकशास्त्राला नवीन नव्हती. मुष्टियोद्ध्यांमधील या विकाराचे वर्णन हॅरिसन मार्टलंड यांनी १९२८ मध्येच केले होते. थॉम्पसन यांच्या पदार्पणाचे वर्ष २००२ हे या संदर्भात अर्थपूर्ण आहे. त्या वर्षी जानेवारीत इंग्लंडचे माजी फुटबॉलपटू जेफ ॲस्टल यांचे निधन झाले. नोव्हेंबरमध्ये चौकशीअंती मृत्यूचे कारण 'औद्योगिक आजार' असे नोंदवण्यात आले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये अमेरिकन फुटबॉलमधील माइक वेबस्टर यांचे निधन झाले. त्यांच्या मेंदूच्या तपासणीतून बेनेट ओमालू यांनी वारंवार आघातांमुळे होणाऱ्या मेंदूविकाराची, म्हणजेच 'सीटीई'ची नोंद २००५ मध्ये प्रसिद्ध केली. खेळ हे काम आहे आणि त्यातून जडणारा आजार हा कामातून जडलेला आजार आहे, हे तत्त्व इंग्लंडमध्येच, थॉम्पसन यांच्या पहिल्याच वर्षी लेखी स्वरूपात मांडले गेले होते.

डिसेंबर २०२० मध्ये थॉम्पसन यांनी आपले निदान जाहीर केले. अकाली स्मृतिभ्रंश आणि संभाव्य सीटीई असे ते निदान होते. सीटीईची खात्री मृत्यूनंतर मेंदूच्या तपासणीनेच होऊ शकते, म्हणून 'संभाव्य' हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. वेल्सचे ॲलिक्स पॉपहॅम आणि इंग्लंडचे मायकेल लिपमन हे माजी फॉरवर्डही त्यांच्याबरोबर पुढे आले. २०२१ मध्ये थॉम्पसन यांनी आपला मेंदू मृत्यूनंतर संशोधनासाठी देण्याचे जाहीर केले आणि २०२२ मध्ये त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. आपल्याच विजयाचे चित्रण पाहताना पडद्यावरील माणूस आपण आहोत हे दिसते, पण आठवत काहीच नाही, ही त्यांची व्यथा त्यांनी जाहीरपणे मांडली आहे. २०२२ मध्ये अनेक माजी खेळाडूंच्या वतीने वर्ल्ड रग्बी तसेच इंग्लंड व वेल्सच्या संघटनांविरुद्ध न्यायालयात दावे दाखल झाले. खेळाडूंच्या आरोग्याला आपण नेहमीच अग्रक्रम दिला, अशी भूमिका या संस्थांनी घेतली आहे.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. सर्व दोष व्यावसायिकतेवर टाकणे सोयीचे असले, तरी पुरावा तितका सरळ नाही. ग्लासगो येथील संशोधकांनी २०२२ मध्ये स्कॉटलंडच्या ४१२ माजी आंतरराष्ट्रीय खेळाडूंची तुलना सर्वसाधारण लोकसंख्येतील १,२३६ व्यक्तींशी केली. खेळाडूंमध्ये मेंदूचा ऱ्हास करणाऱ्या विकारांचा धोका सुमारे अडीच पट आढळला. परंतु त्यांतील बहुतेक खेळाडू हौशी काळातील होते आणि फॉरवर्ड व बॅक असा फरकही दिसला नाही. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या अभ्यासात ३१ दिवंगत खेळाडूंच्या मेंदूंपैकी २१ मेंदूंत सीटीई आढळला. खेळलेल्या प्रत्येक अधिक वर्षागणिक त्याची शक्यता १४ टक्क्यांनी वाढत असल्याचेही दिसले. संशोधनासाठी दान केलेले मेंदू हे सर्व खेळाडूंचे प्रातिनिधिक नमुने नव्हेत, हे लक्षात ठेवूनही एक गोष्ट स्पष्ट होते : महत्त्व आहे ते आघातांच्या दीर्घकालीन साठ्याला. हौशी खेळातही धोका होताच. व्यावसायिकतेने कामाचे प्रमाण वाढवले आणि त्यावर मर्यादा घालण्याचे काम मात्र मागे ठेवले.

नोंद नसलेले श्रम

येथे इतिहासलेखनाचा मूळ प्रश्न उपस्थित होतो. थॉम्पसन यांचे ७३ आंतरराष्ट्रीय सामने तारीखवार उपलब्ध आहेत. प्रत्येक सामन्याची गुणसंख्या, बदली खेळाडू, पंचांची नावे सारे काही दप्तरी आहे. मात्र त्यांनी सरावात किती स्क्रममध्ये मान घातली, किती वेळा डोके आदळले, त्यांपैकी किती वेळा भोवळ आली, याची मोजदाद कोणीही ठेवलेली नाही. ज्या श्रमांमुळे हानी झाली असण्याची शक्यता सर्वाधिक, नेमक्या त्याच श्रमांचे दप्तर कोरे आहे. उरला असता तो खेळाडूच्या आठवणीचा पुरावा. आणि या आजाराचे स्वरूपच असे, की तो प्रथम त्याच पुराव्यावर घाला घालतो.

नियमांचा घटनाक्रमही या दृष्टीने पाहण्याजोगा आहे. मेंदूला धक्का बसल्यास तीन आठवडे विश्रांती घेण्याचा दंडक अनेक वर्षे होता. तज्ज्ञाच्या अनुमतीने तो शिथिल करता येई. २०११ मध्ये त्याच्या जागी टप्प्याटप्प्याने परतण्याची, कमी अवधीची पद्धत आली. थॉम्पसन निवृत्त झाल्यानंतरच्या वर्षी, म्हणजे २०१२ मध्ये, संशयित खेळाडूची मैदानालगत पाच मिनिटे तपासणी करण्याचा प्रयोग सुरू झाला. एवढ्या अवधीत निर्णय होऊ शकत नाही, असे म्हणून डॉ. बॅरी ओ'ड्रिस्कॉल यांनी आंतरराष्ट्रीय मंडळाच्या वैद्यकीय समितीचा राजीनामा दिला. पुढे ही तपासणी दहा मिनिटांची झाली. २०१३ मध्ये स्क्रमची पद्धत बदलून दोन्ही बाजूंनी आधी एकमेकांना धरावे आणि मगच भिडावे, असा नियम झाला. त्यामुळे भिडतानाचा आघात कमी झाला. २०२१ मध्ये पूर्ण शारीरिक टकरीचा सराव आठवड्याला पंधरा मिनिटांपेक्षा अधिक आणि स्क्रम-लाइनआउट यांसारखा प्रत्यक्ष सराव तीस मिनिटांपेक्षा अधिक नसावा, अशी मार्गदर्शक सूचना वर्ल्ड रग्बीने दिली. सरावाच्या तासांना जागतिक पातळीवर अशी मर्यादा सुचवली गेली, तेव्हा खेळ व्यावसायिक होऊन सव्वीस वर्षे लोटली होती.

जानेवारी २०२४ पासून वरिष्ठ पातळीवरील तपासणीच्या पद्धतीत दातांवर बसवावयाच्या संवेदकयुक्त कवचाचा समावेश झाला. डोक्याला बसलेल्या धक्क्याची तीव्रता त्यातून मोजली जाते. वैद्यकीय उपयोगाबरोबरच या साधनाला ऐतिहासिक महत्त्व आहे. फॉरवर्डच्या श्रमांची पद्धतशीर नोंद व्यापक प्रमाणावर होऊ लागली, ती या साधनामुळे. थॉम्पसन यांच्या पिढीच्या वाट्याला ती आली नाही.

समारोप

स्टीव्ह थॉम्पसन यांच्या कारकिर्दीवरून तीन गोष्टी दिसून येतात. पहिली, १९९५ मधील स्थित्यंतराने खेळाडूला वेतन मिळवून दिले. परंतु वेतनाबरोबर येणारी नियोक्त्याची जबाबदारी कोणाची, हा प्रश्न दीर्घकाळ अनुत्तरित राहिला. दुसरी, क्लब आणि राष्ट्र यांच्या दुहेरी मागणीत खेळाडूच्या शरीराचा एकत्रित हिशेब ठेवणारी यंत्रणा नव्हती. तिसरी, क्रीडा-इतिहासाने गुणफलकालाच पुरावा मानल्यामुळे फॉरवर्डचे श्रम, विशेषतः सरावातील श्रम, इतिहासाबाहेर राहिले.

२२ नोव्हेंबर २००३ च्या त्या रात्री रांगेच्या टोकापर्यंत गेलेली फेक लाखो लोकांनी पाहिली आणि आजही अनेकांना ती आठवते. ज्याच्या हातून ती सुटली त्याला ती आठवत नाही. प्रेक्षकांकडे स्मृती राहिली आणि खेळाडूकडे तिची किंमत. व्यावसायिक खेळाचा इतिहास लिहिताना या दोन्ही बाजू एकाच पानावर याव्यात आणि त्यासाठी सामन्याच्या नोंदवहीबरोबरच सरावाच्या मैदानावरील कामाचीही नोंद ठेवली जावी, ही अपेक्षा रास्त ठरते. जेथे श्रम मोजले जात नाहीत तेथे हानीही सिद्ध करता येत नाही, हा औद्योगिक इतिहासातील जुना अनुभव रग्बीच्या मैदानावरही खरा ठरला आहे.